सॅक कशी भरावी: पावागडाच्या पायऱ्यांपासून दोराच्या चढाईपर्यंत

बडोदा हे सपाटीवरचे शहर आहे. मांडवीहून निघून अलकापुरीपर्यंत गेले, तरी वाटेत चढ म्हणून लागतो तो एखाद्या उड्डाणपुलाचा किंवा गरनाळ्यातून (रेल्वेखालच्या भुयारी रस्त्यातून) वर येतानाचा, आणि तेवढ्या चढावर पाठीवरचे ओझे नीट बसले आहे की नाही हे कुणालाच कळत नाही. घरी सॅक भरली, आरशासमोर उभे राहून पाठीवर घेऊन पाहिली, रिक्षाने स्टेशन गाठले, इथपर्यंत सगळे ठीक वाटते. चूक उमगते ती साल्हेर किल्ल्याच्या चढावर दुसऱ्या-तिसऱ्या तासाला, जेव्हा खांदे भरून येतात, एक पट्टा दुसऱ्यापेक्षा जास्त ओढू लागतो आणि पावसाची सर आल्यावर रेनकोट अगदी तळाशी असल्याचे आठवते. तिथे सॅक उपसून पुन्हा भरण्याइतकी सपाट, कोरडी जागा मिळत नाही. म्हणून हे काम घरीच, सावकाश आणि शक्यतो निघण्याच्या दोन दिवस आधी उरकावे. निघायच्या आदल्या रात्री अकरा वाजता घाईने भरलेली सॅक सहसा धड भरलेली नसते.

सॅकमध्ये जाणाऱ्या प्रत्येक वस्तूबद्दल दोनच गोष्टी पाहायच्या असतात: तिचे वजन किती, आणि ती लागणार केव्हा. वजनाचा नियम असा की जड वस्तू पाठीला चिकटून, खांद्यांच्या जरा खाली, पाठीच्या मधल्या भागात असावी. वेळेचा नियम असा की आधी लागणारी वस्तू वर असावी आणि मुक्कामालाच लागणारी तळाशी. हे दोन नियम पुष्कळदा एकमेकांच्या आड येतात. पाणी जड असते, पण दर अर्ध्या तासाला लागते. दोर सगळ्यात जड असतो, पण कड्याच्या पायथ्याशी पोहोचल्याबरोबर तोच आधी बाहेर काढावा लागतो. रेनकोट हलका असतो, पण लागतो तेव्हा त्याच क्षणी लागतो. या भांडणाचा निवाडा वस्तूगणिक करावा लागतो, आणि तो एकदा जमला की सॅक भरणे जमले.

माप आणि पाठ

सॅकची क्षमता लिटरमध्ये सांगतात. एका दिवसाच्या भटकंतीला २० ते ३० लिटर, गडावरच्या एखाद्या मुक्कामाला ४० ते ४५ लिटर, आणि तंबू व स्वयंपाकाची व्यवस्था दुसऱ्या कुणाकडे असेल तर हिमालयातल्या आठवडाभराच्या पदभ्रमंतीला ५० ते ६० लिटरची सॅक पुरते. पुढे कधीतरी उपयोगी पडेल म्हणून ७५ लिटरची सॅक घेण्याचा मोह टाळावा. मोठ्या सॅकमध्ये रिकामी जागा दिसली की ती भरल्याशिवाय घरातल्या कुणालाच राहवत नाही, आणि शेवटच्या घटकेला आईच्या हातून आत गेलेला जादा डबा काढून ठेवण्याचे धैर्य फार थोड्या लोकांत असते.

लिटरपेक्षा महत्त्वाचे माप पाठीचे आहे, आणि दुकानात बहुधा तेच विचारले जात नाही. मान पुढे झुकवली की मानेच्या मुळाशी मणक्याचे एक हाड ठळकपणे हाताला लागते. कमरेच्या दोन्ही बाजूंना हात ठेवले की जिथे हाडाची वरची कड लागते, त्या दोन कडांना जोडणारी आडवी रेषा पाठीवर कल्पावी. मानेच्या त्या हाडापासून या रेषेपर्यंतचे अंतर ही पाठीची लांबी होय. शिंपी वापरतो ती कापडी टेप घेऊन घरातल्या दुसऱ्या कुणीतरी हे माप घ्यावे. प्रौढ व्यक्तींमध्ये ते बहुधा ४० ते ५५ सेंटिमीटरच्या दरम्यान भरते. सारख्याच उंचीच्या दोन माणसांच्या पाठी सारख्या असतातच असे नाही, त्यामुळे मित्राला छान बसलेली सॅक आपल्यालाही बसेल असे गृहीत धरू नये. स्त्रियांसाठी बनवलेल्या सॅकमध्ये पाठ आखूड आणि कमरपट्टा वेगळ्या कोनात असतो, आणि उंचीने लहान असलेल्या मुलग्यांनाही कधीकधी तीच अधिक चांगली बसते.

जुनी सॅक असेल तर ती भरण्यापूर्वी खांद्याच्या पट्ट्यांची शिवण आणि बकले तपासावीत. सुती दोऱ्याने डागडुजी केलेला पट्टा दिसला की तो उसवून मोच्याकडून नायलॉनच्या जाड दोऱ्याने पुन्हा शिवून घ्यावा. ज्या सॅकला आतून पट्टी किंवा सांगाडा नाही, अशी हलकी सॅक आठ-नऊ किलोंपलीकडे वापरू नये, कारण त्यापुढे वजन कमरेवर न उतरता सगळे खांद्यांवरच राहते.

सतरंजीवर मांडणी

सामान थेट सॅकमध्ये टाकू नये. आधी दिवाणखान्यात सतरंजी अंथरून न्यायची प्रत्येक वस्तू तिच्यावर मांडावी आणि स्वयंपाकघरातल्या काट्यावर एकेक करून तोलावी. हा उद्योग कंटाळवाणा आहे, पण एकदा केला की आपल्या मनातल्या अंदाजात आणि प्रत्यक्ष वजनात किती अंतर असते ते कळते. जीन्सची एक पँट ६०० ते ७०० ग्रॅम भरते, तर चालण्याची कृत्रिम धाग्याची पँट साधारण ३०० ग्रॅम. स्टीलचा तीन पुडांचा डबा रिकामाच अर्ध्या किलोच्या आसपास जातो.

पूर्ण भरलेल्या सॅकचे वजन आपल्या शरीराच्या वजनाच्या पाचव्या हिश्शाहून अधिक नसावे, ही मुक्कामी भटकंतीची ढोबळ मर्यादा आहे. एका दिवसाच्या चालीला दहावा हिस्सा पुरे. साठ किलो वजनाच्या व्यक्तीला मुक्कामी भटकंतीची मर्यादा म्हणजे १२ किलो. गडावरच्या दोन दिवसांच्या मुक्कामाचा हिशेब मांडून पाहू. रिकामी सॅक दोन किलो, स्लीपिंग बॅग सव्वा किलो, कॅरीमॅट (अंगाखाली अंथरायची फोमची चटई) ३०० ग्रॅम, तीन लिटर पाणी म्हणजे तीन किलो, कोरडे खाणे दिवसाला ६५० ग्रॅमप्रमाणे एक किलो ३०० ग्रॅम, जादा कपडे दीड किलो, रेनकोट अर्धा किलो, हेडटॉर्च व पॉवर बँक मिळून ३५० ग्रॅम, औषधे ३०० आणि ताट-मग-चमचा २०० ग्रॅम. ही बेरीज पावणेअकरा किलोंच्या जवळ जाते. गटाच्या भांड्याकुंड्यांतला आपला वाटा एक किलोभर धरला की १२ किलोंची मर्यादा आलीच. याचा अर्थ असा की या यादीबाहेरची प्रत्येक वस्तू आत घेताना दुसरी एखादी बाहेर काढावी लागते.

या हिशेबात सर्वांत मोठा आकडा पाण्याचा आहे, हे ध्यानात घ्यावे. वाटेत किंवा माथ्यावर खात्रीचे पाणी आहे का, हे आधी विचारून घेतले तर कधीकधी एका फोनवर सबंध किलो वाचतो. १५६७ मीटर उंचीच्या साल्हेरवर गंगासागर तलाव आहे आणि मुक्कामाला गुहा आहेत. अशा ठिकाणी तंबू नेणे म्हणजे नाहक ओझे, पण कॅरीमॅट मात्र हवीच, कारण गुहेतला दगड रात्रभर अंगातली ऊब शोषून घेतो. गिरनारचा प्रकार निराळा आहे. दत्तदर्शनासाठी तिथे जाणाऱ्या आपल्याकडच्या कितीतरी मराठी कुटुंबांची पहिली मोठी चढाई तीच असते. पायऱ्या दहा हजारांच्या घरात असल्या तरी वाटेत दुकाने लागतात, म्हणून तिथे छोटी सॅक, एक बाटली आणि हलकी शाल एवढ्यावर काम भागते. ज्या ठिकाणी जायचे त्या ठिकाणाप्रमाणे यादी बदलली पाहिजे; गिरनारची यादी साल्हेरला चालत नाही आणि साल्हेरची हिमालयात चालत नाही.

कपड्यांच्या बाबतीत आपल्या शहरातल्या लोकांकडून एक ठरावीक चूक होते. मे महिन्यात, पारा ४० अंशांच्या वर असताना, घामाघूम होऊन थंडीचे कपडे निवडायला बसले की एक तर थंडीची कल्पनाच येत नाही आणि एका स्वेटरवर भागेल असे वाटते, किंवा कुणीतरी सांगितलेल्या बर्फाच्या भीतीने घरातली सगळी लोकर गोळा केली जाते. दोन्ही टाळण्याचा उपाय म्हणजे थरांनी विचार करणे: अंगालगत घाम बाहेर टाकणारा कृत्रिम धाग्याचा किंवा लोकरी पातळ थर, त्यावर ऊब देणारा एक थर, आणि सर्वांत वर वारा-पाऊस अडवणारा थर. सुती कपडा बडोद्याच्या उन्हाळ्यात सुखाचा असला, तरी डोंगरात भिजला की लवकर वाळत नाही आणि अंग गार पाडतो. चालण्याचा एक जोड अंगावर आणि झोपण्याचा एक कोरडा जोड पिशवीत, एवढे पुरते. झोपण्याचा जोड कितीही मोह झाला तरी दिवसा वापरायचा नाही.

खाण्याकडे वजनाबरोबर आकारमानाच्या दृष्टीनेही पाहावे लागते. चिवडा हलका असतो, पण जागा फार अडवतो आणि दाबला की त्याचा भुगा होतो. आपला प्रसिद्ध हिरवा चिवडा तर तेलकट आणि ओलसर असल्यामुळे पिशवीत दिवसभर गरम होऊ देऊ नये. याउलट गूळपापडी, चिक्की, खजूर, भाजलेले शेंगदाणे आणि दाण्याची कोरडी चटणी थोड्या जागेत पुष्कळ बळ देतात. पहिल्या दिवसासाठी दशम्या आणि थेपले यांच्याइतके सोयीचे दुसरे काही नाही; ते डब्यात न घालता कागदात आणि वरून प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळावेत म्हणजे संपल्यावर जागाही मोकळी होते. पातळ आणि पाझरणारे पदार्थ मात्र वर्ज्य समजावेत. पूर्वी एकदा मी काचेच्या बरणीत घरचा छुंदा नेला होता. झाकण घट्ट होते, पण दिवसभराच्या हिंदकळण्याने पाक झिरपत झिरपत स्लीपिंग बॅगच्या कोपऱ्यात उतरला, आणि तो रात्री गुहेतल्या मुंग्यांना माझ्याआधी सापडला.

पाण्यापासून बचाव

सॅकवर चढवायचे पावसाळी आवरण उपयोगाचे आहे, पण त्याच्यावर भिस्त ठेवू नये. पाठीकडची बाजू त्याने झाकली जात नाही, पाठीवरून ओघळणारे पाणी आत शिरते, आणि काटेरी झुडपांत ते फाटते किंवा वाऱ्याने उडते. खरा बचाव आतून करावा लागतो. सॅकमध्ये बसेल एवढी जाड प्लॅस्टिकची एक मोठी पिशवी अस्तरासारखी आत सोडावी, तिच्यातच सगळे सामान भरावे आणि शेवटी तिचे तोंड पिळून, दुमडून खोचावे. पातळ पिशवी पहिल्याच दिवशी फाटते, म्हणून जाडीच्या बाबतीत काटकसर करू नये.

या मोठ्या पिशवीच्या आत कपडे, खाणे, औषधे आणि बारीकसारीक वस्तूंच्या वेगवेगळ्या छोट्या पिशव्या कराव्यात. त्या पारदर्शक किंवा निरनिराळ्या रंगांच्या असाव्यात, म्हणजे अंधारात हेडटॉर्चच्या उजेडातही ओळखता येतात. पिशव्यांची संख्या मात्र पाच-सहांच्या वर जाऊ देऊ नये. प्रत्येक वस्तूला स्वतंत्र पिशवी केली की शोधण्याचे काम वाढते आणि सहप्रवाशांची झोप पिशव्यांच्या चुरचुरीने मोडते.

तळापासून झाकणापर्यंत

सर्वांत खाली स्लीपिंग बॅग जाते. ती जड नसते आणि रात्रीपर्यंत लागत नाही, त्यामुळे दोन्ही नियम इथे एकमताने बोलतात. तिला घडी घालून घट्ट गुंडाळण्यापेक्षा हाताने कोंबत आत सोडावी. अशी कोंबलेली बॅग सॅकच्या तळातले कोपरे भरून काढते, तर घट्ट गुंडाळीभोवती पोकळ्या राहतात आणि वरचे सामान त्यांत घसरते. झोपण्याचा कोरडा जोडही इथेच ठेवावा.

त्यावर, पाठीच्या बाजूला, जड वस्तूंची जागा. खाण्याची पिशवी, स्टोव्ह, भांडी, पाण्याचा साठा ही मंडळी इथे उभी रचावीत आणि पाठीला लागणारी बाजू सपाट राहील हे पाहावे. भांडे, डबा किंवा टॉर्च यांची कड पाठीला टोचू नये म्हणून मध्ये घडी केलेला कपडा सरकवावा. भांड्याच्या पोकळीत चहा-साखर किंवा मोजे भरावेत. रिकामे भांडे म्हणजे आपण पाठीवरून वाहून नेलेली हवा. जड वस्तू पाठीपासून चार बोटे जरी दूर गेली, तरी सॅक मागे ओढू लागते आणि ते सावरण्यासाठी चालणारा नकळत पुढे वाकतो. संध्याकाळी कंबर दुखते तिचे कारण बहुधा एवढेच असते.

जड वस्तूंच्या पुढच्या बाजूला, म्हणजे पाठीपासून दूरच्या भागात, कपड्यांसारखे हलके सामान भरावे, म्हणजे ते जड सामानाला जागेवर धरून ठेवते. डाव्या-उजव्या बाजूंचा तोलही इथेच सांभाळावा. एका बाजूला दोन लिटर पाणी आणि दुसऱ्या बाजूला नुसता टॉवेल अशी सॅक तासाभरात एका खांद्याला नकोशी करते. तंबू असेल तर त्याच्या काठ्या वेगळ्या काढून उभ्या, एका बाजूने आत सोडाव्यात. तंबूचे कापड रात्री भिजले तर ते अस्तराच्या पिशवीबाहेर ठेवावे, नाहीतर कोरडे राखलेले सगळेच ओले होते.

वरच्या थरात रेनकोट, दुपारचे खाणे आणि ऊब देणारा थर हवा. वर म्हटलेल्या भांडणाचा निवाडा रेनकोटापुरता स्वच्छ आहे: तो हलका असल्यामुळे उंचावर ठेवला तरी तोल बिघडत नाही, म्हणून तो सगळ्यात वर. पाण्याच्या बाबतीत दोन्ही बाजू राखाव्या लागतात. एक लिटरची बाटली बाजूच्या खिशात, पाठीवरची सॅक न उतरवता हात पोहोचेल अशी, आणि उरलेला साठा आत, पाठीला लागून. नळीतून पिण्याची पिशवी सॅकच्या आतल्या कप्प्यात पाठीलगत बसते, त्यामुळे ती दोन्ही नियम पाळते. पण आत किती पाणी उरले ते दिसत नाही आणि बरेच जण माथ्यावर पोहोचण्याआधीच ती संपवतात. मला स्वतःला बाटली बरी वाटते.

झाकणाच्या खिशात हेडटॉर्च, औषधे, ओआरएसची पाकिटे, ओळखपत्राची प्रत, काडेपेटी, सुई-दोरा आणि दाभण. हेडटॉर्चमधील एक सेल उलटा घालून ठेवला तर ती सॅकमध्ये दाबली जाऊन आपोआप पेटत नाही. शिट्टी खिशात न ठेवता छातीच्या पट्टीलाच बांधावी.

बाहेरून काही लटकवू नये. मग, चपला, ओला टॉवेल, कॅमेऱ्याची पिशवी अशी सॅकभोवती लोंबणारी जत्रा छायाचित्रात शोभते, पण अरुंद पायवाटेवर करवंदीच्या जाळ्यांत अडकते आणि प्रत्येक पावलाला हिंदकळून तोल हलवते. कॅरीमॅट आडवी बांधण्याची आपल्याकडे पद्धत पडली आहे. ती दोन्ही बाजूंना खांद्यांबाहेर जाते आणि कातळातल्या चिंचोळ्या वाटेत खडकाला घासून माणसाला बाहेर ढकलते. ती उभी बांधावी, किंवा सरळ नळकांड्यासारखी गोल करून सॅकच्या आत घालावी आणि सामान तिच्या पोकळीत भरावे. अशाने सॅकला आकार येतो, मॅट फाटत नाही आणि कोणत्याही वस्तूची कड पाठीला लागत नाही. भरून झाल्यावर बाजूचे दाबपट्टे आवळून सगळे सामान एकजीव करावे. सॅक उचलून हलवली असता आतून आवाज आला, तर ती अजून भरून झालेली नाही.

चढाईचे साहित्य असेल तेव्हा

प्रस्तरारोहणाला निघताना वरचा सगळा हिशेब कोलमडतो. दहा मिलिमीटर जाडीचा, ६० मीटर लांबीचा डायनॅमिक (झटका बसला की थोडा ताणला जाणारा) दोर पावणेचार ते चार किलो भरतो. हार्नेस (कमरेला व मांड्यांना बांधायचे पट्टे), हेल्मेट, चढाईचे बूट, बिलेचे (चढणाऱ्याचा दोर सांभाळण्याचे) साधन, कॅराबिनर (उघडझाप होणाऱ्या धातूच्या कड्या), क्विकड्रॉ (पट्टीने जोडलेली अशा कड्यांची जोडी) आणि स्लिंगा (शिवलेल्या पट्टीचे फास) मिळून आणखी तीन किलो होतात. मुक्कामाच्या सामानावर हे सात किलो चढवले, तर साठ किलोंच्या माणसाची सॅक १८ किलोंपलीकडे जाते, आणि तेवढे ओझे घेऊन कड्याच्या पायथ्याशी पोहोचलेला माणूस चढाईच्या लायकीचा उरत नाही. म्हणून सामाईक साहित्य जोडीदारांत वाटून घ्यावे: एकाकडे दोर, दुसऱ्याकडे धातूचे साहित्य आणि स्टोव्ह. स्वतःचे हार्नेस आणि हेल्मेट मात्र ज्याचे त्याने वाहावे.

वजन कुठे ठेवायचे हेही इथे बदलते. मळलेल्या पायवाटेवर वजन जरा वर असलेले चालते, कारण त्याने चाल सरळ राहते; पण हात टेकत चढण्याच्या घसाऱ्यावर किंवा कातळटप्प्यावर उंचावरचे वजन माणसाला बाजूला झोकते. तिथे जड सामान थोडे खाली, पाठीच्या मध्यावर आणि कमरेच्या जवळ आणावे. सॅकची उंचीही डोक्याच्या वर जाऊ देऊ नये. हेल्मेट घालून मान वर केली असता ते सॅकच्या झाकणावर आदळत असेल, तर वरचा पकडीचा दगड दिसतच नाही. ही गोष्ट घरी हेल्मेट घालून, छताकडे पाहून तपासता येते.

दोर हा त्या भांडणातला सर्वांत अवघड दावेदार. तो जड आहे म्हणून मध्यभागी हवा आणि पहिल्यांदा लागतो म्हणून वर हवा. पायथा दोन-तीन तासांवर असेल, तर दोराची फुलपाखरी गुंडाळी (दोन्ही बाजूंना पंखांसारखे वेढे सोडलेली) करून ती झाकणाखाली, सॅकच्या तोंडावर आडवी ठेवावी आणि दाबपट्ट्यांनी घट्ट बांधावी. दिवसभर चालून दुसऱ्या दिवशी चढाई असेल, तर तो आत, पाठीलगतच घालावा. स्टोव्हच्या इंधनाशी त्याचा संबंध येऊ देऊ नये, आणि गाडीच्या डिकीत बॅटरीजवळ तर तो कधीही ठेवू नये, कारण बॅटरीतले आम्ल नायलॉनला डोळ्यांना न दिसेल असे खाऊन टाकते.

कॅराबिनर आणि क्विकड्रॉ बाहेर लटकवून खणखणाट करत जाण्याची हौस नवख्यांना असते. ते एका स्लिंगेत ओवून कापडी पिशवीत, आत मध्यभागी ठेवावेत. बर्फातल्या मोहिमेसाठी बर्फ तोडायची कुऱ्हाड, म्हणजे आइस अ‍ॅक्स असेल, तर तिचा दांडा सॅकच्या तळाकडच्या फासातून वरून खाली घालून मग उलटा फिरवून वर बांधतात, म्हणजे डोके खाली, फासात अडकलेले राहते. तिच्या टोकांवर आणि क्रॅम्पॉनच्या (बर्फासाठी बुटांखाली बांधायच्या साच्याच्या) दातांवर रबरी किंवा कापडी टोपणे हवीतच. नसतील तर जुन्या टायरट्यूबचे तुकडे बांधावेत. प्रत्यक्ष चढाईत सॅकचा कमरपट्टा हार्नेसवर येतो आणि साहित्याच्या फासांपर्यंत हात पोहोचू देत नाही, तेव्हा तो सोडून मागे खोचावा. दोन भिंतींमधल्या चिमणीत सॅक पाठीवर ठेवून चढता येत नाही. ती स्लिंगेने हार्नेसला अडकवून खाली लोंबती सोडतात. हे सारे वाचून करण्याचे नव्हे. माउंट अबू आणि जुनागढ येथे गुजरात शासनाची गिर्यारोहण प्रशिक्षण केंद्रे आहेत. दोराची कामे तिथे, प्रशिक्षकाच्या नजरेखाली शिकावीत.

पट्टे कसे आवळावेत

उत्तम भरलेली सॅकही चुकीच्या क्रमाने पट्टे आवळले तर त्रास देते. आधी सगळे पट्टे सैल करावेत. सॅक एका झटक्यात पाठीवर फेकू नये. वरच्या हातफासाला धरून ती मांडीवर टेकवावी, एक हात पट्ट्यात घालावा, वळावे आणि मग दुसरा. आता कमरपट्टा असा बांधावा की त्याचा मध्य कमरेच्या हाडाच्या वरच्या कडेवर येईल. पोटावर बांधलेला पट्टा निरुपयोगी असतो. त्यानंतर खांद्याचे पट्टे अंगाला लागेपर्यंत ओढावेत, पण खांद्यांवर भार चढेल इतके नव्हे. मग खांद्याच्या वरून सॅकच्या माथ्याकडे जाणारे छोटे पट्टे ओढावेत. ते साधारण ४५ अंशांच्या कोनात असले की पाठीची लांबी बरोबर जुळली आहे असे समजावे. सर्वांत शेवटी छातीची पट्टी, श्वास भरून घेता येईल इतकीच घट्ट.

वजनाचा मोठा वाटा कमरेवर आला पाहिजे. तो आला की नाही हे पाहण्यासाठी खांद्याचे पट्टे थोडे सैल करावेत. सॅक खाली न सरकता जागेवर राहिली तर ठीक. पुढे चालताना तासातासाने भार थोडा कमरेवरून खांद्यांवर आणि पुन्हा कमरेवर असा फिरवत राहावे. ओढा किंवा नदी ओलांडताना कमरेचे आणि छातीचे बकल सोडून ठेवावे, म्हणजे पाय घसरलाच तर सॅक अंगावेगळी करता येते.

पावागडावरची तालीम

घरातल्या जिन्यावर दहा वेळा वर-खाली केल्याने पट्ट्यांचा अंदाज येतो, पण खरी परीक्षा चढावरच होते आणि त्यासाठी आपल्याला पावागड जवळ आहे. शहरापासून सुमारे ५० किलोमीटरवर चांपानेर, तिथून जुन्या दरवाजांमधून जाणारी पायवाट माचीपर्यंत, आणि माचीपासून कालिकामातेच्या मंदिरापर्यंत पायऱ्या. एका सकाळीत कच्ची वाट आणि पायऱ्या असे दोन्ही प्रकार मिळतात. माचीहून उडनखटोला (रोपवे) निघतो, त्याच्याकडे त्या दिवशी पाहू नये. नवरात्रात आणि रविवारी पायऱ्यांवर भाविकांची दाटी असते, तेव्हा भली मोठी सॅक घेऊन लोकांना धक्के देत जाण्यापेक्षा आठवड्यातला दुसरा दिवस निवडावा आणि उन्हाळ्यात पहाटेच निघावे.

पहिल्या तालमीला अर्ध्या वजनाने सुरुवात करावी आणि ते वजन पाण्याच्या बाटल्यांनी भरून काढावे. चढून गेल्यावर जादा पाणी तिथल्या कुणाला तरी देऊन टाकता येते, आणि उतरताना गुडघ्यांवर भार येत नाही. तीन-चार खेपांत पूर्ण वजनापर्यंत जावे. प्रत्येक खेपेला सॅक कुठे घासली, काय काढण्यासाठी ती उपसावी लागली, हे घरी येताच लिहून ठेवावे.

रेल्वेचा प्रवास

बडोद्याहून हिमालयाकडे जाताना हरिद्वार किंवा पठाणकोट गाठेपर्यंत जवळजवळ एक दिवस गाडीत जातो, आणि त्या एका दिवसात नीट भरलेली सॅक विस्कटून जाते. टूथब्रश, चादर, जेवण, पुस्तक यांसाठी सॅक पुन्हा पुन्हा उघडावी लागू नये म्हणून प्रवासाचे सामान वेगळ्या कापडी पिशवीत न्यावे. डोंगराच्या पायथ्याशी ती पिशवी घडी होऊन सॅकमध्ये जाते. सॅकचे पट्टे बर्थखाली अडकून तुटू नयेत म्हणून जुन्या चादरीची खोळ शिवून तिच्यात सॅक घालावी आणि ती साखळीने बांधावी. गॅसच्या डब्या, रॉकेल आणि इतर ज्वलनशील पदार्थ रेल्वेत नेण्यास मनाई आहे; स्टोव्ह रिकामा न्यावा आणि इंधन चढाईच्या गावी घ्यावे. विमानाने जायचे असेल तर पॉवर बँक हातातल्या सामानात ठेवावी लागते, आणि आइस अ‍ॅक्ससारख्या टोकदार वस्तू सामानकक्षात द्याव्या लागतात.

परत आल्यावर

घरी पोहोचल्यावर सॅक तशीच कोपऱ्यात ठेवून झोपण्याचा मोह होतो, पण ओले कपडे आणि ओला तंबू त्याच रात्री बाहेर काढावेत, नाहीतर बुरशी धरते. सॅक सौम्य साबणाने हाताने पुसून सावलीत वाळवावी. वॉशिंग मशीनमध्ये घातली तर आतला पाणीरोधक थर निघून येतो. दोरही सावलीतच वाळवावा. स्लीपिंग बॅग दाबून ठेवू नये, मोठ्या सुती पिशवीत सैल ठेवावी किंवा कपाटात टांगावी, म्हणजे तिचा फुगवटा टिकतो.

त्यानंतर सगळे सामान पुन्हा त्याच सतरंजीवर मांडावे आणि त्याच्या तीन राशी कराव्यात: रोज वापरलेले, एकदाच वापरलेले आणि मुळीच न वापरलेले. तिसऱ्या राशीतून औषधे, शिट्टी, दाभण आणि रेनकोट तेवढे बाजूला काढावेत, कारण ते न वापरावे लागणेच चांगले. त्या राशीत उरलेल्या वस्तूंवर यादीत काट मारावी, आणि ती यादी झाकणाच्या खिशातच ठेवून द्यावी.